सिनेटरच्या ताटातला पालक

समजा, तुमच्यासमोर शेगडीवर दोन पातेली आहेत. एक इतकं मोठं, की त्यात लहान मूल बसवून अंघोळ घालता येईल. त्यात डोंगरातून उपटून आणलेली रानलसूण, पानांसकट, बेकनच्या चरबीत रटरटतेय. दुसरं पातेलं मागच्या शेगडीवर, लहानसं, झाकण घातलेलं. त्यात पालक. तोही बेकनच्या चरबीतच शिजलेला, तसाच काळपट हिरवा, तसाच लिबलिबीत. आता तुमचं काम एवढंच. बाहेर सगळं गाव जेवायला बसलंय, त्यातल्या एकाच माणसाच्या ताटात पालक पडला पाहिजे, आणि त्याच्या मांडीला मांडी लावून बसलेल्यालाही ते कळता कामा नये. जमेल? एखाद्या वर्षी जमेलही. पण वीस वर्षं?

डेल्फिया कोगरला जमलं होतं.

वेस्ट व्हर्जिनियाच्या डोंगरात टॅनर्स रन नावाचं गाव आहे. तिथे दर एप्रिलमध्ये अग्निशमन केंद्रात लसूणजेवण होतं. आगीचे बंब बाहेर अंगणात उभे करतात, आत लांबच लांब टेबलं मांडतात, आणि डेल्फिया सकाळपासून मुदपाकखान्याचा ताबा घेते. सत्तरी ओलांडलेली, रुंद हाडाची बाई. आयुष्यभर तिने शाळेची बस चालवली. त्या डोंगरातल्या वळणांवर कोणत्या पोराचं पोट कुठे ढवळतं, हे तिला तोंडपाठ होतं. आता ती पोरं बाप्ये झाली, टकली झाली, पण डेल्फिया त्यांच्याकडे अजून आरशातून पाहिल्यासारखीच पाहायची. लसूणजेवणाची पळी तिच्या हातात होती, आणि गावात पळीचा मान पाद्रीबुवांच्या खालोखाल होता. काही वर्षी वरही.

या रानलसणीचा एक नियम आहे. खाल्ली, की तीन-चार दिवस वास जात नाही. तोंडाचा नाही, घामाचाही नाही. पूर्वी पोरं लसूण खाऊन शाळेत आली की मास्तर त्यांना सरळ घरी पाठवायचे, म्हणून पोरं परीक्षेच्या आदल्या दिवशी हमखास खायची. यावर उपाय एकच, सगळ्यांनी खायची. खाणाऱ्याला खाणाऱ्याचा वास येत नाही. ज्या घरात नवरा खातो आणि बायको खात नाही, त्या घरात नवरा ओसरीवर झोपतो.

आता रॉयस हेड्रिक. राज्याच्या सिनेटमध्ये पाच वेळा निवडून गेलेला, उंच, पांढऱ्या केसांचा, हात मिळवताना समोरच्याचं कोपर धरणारा. डेल्फियाच्या वर्गातला. शाळेत असताना त्याने पैजेवर कच्ची रानलसूण खाल्ली होती, मूठभर. नंतर चार दिवस अंथरुणात आणि अंथरुणाबाहेर त्याचं जे काही झालं, त्यानंतर लसणीचं नुसतं नाव काढलं तरी त्याचा चेहरा मेणासारखा व्हायचा. टॅनर्स रनमध्ये लसूण न खाणारा माणूस सुतार होऊ शकतो, पाद्री होऊ शकतो, एखादे वेळी नवराही. सिनेटर होऊ शकत नाही.

म्हणून पहिल्या निवडणुकीच्या वर्षी तो मागच्या दाराने मुदपाकखान्यात आला होता, टोपी हातात घेऊन.

"डेल्फी, मेलो मी."

"अजून नाही. उभा आहेस."

"सगळ्यांसमोर पहिलं ताट मला देणार आहेत. मी ते खाल्लं तर तिथेच परत करीन. काहीतरी कर गं."

डेल्फियाला त्याची दया आली, आणि हसूही आलं. तिने घरून पालक आणला. त्या संध्याकाळी रॉयसने सगळ्यांसमोर ताट रिकामं केलं, लोकांनी टाळ्या वाजवल्या, आणि तो निवडून आला. हॉलभर सगळ्यांनीच लसूण खाल्लेली, त्यामुळे एकट्या रॉयसला वास नाही हे कळणार कुणाला? गावाची रीतच त्याचं गुपित राखत होती. जेवण आटोपल्यावर डेल्फिया मागचं पातेलं घासायला घ्यायची, तर ते दर वर्षी पावाने पुसून घेतल्यासारखं लख्ख असायचं. रॉयस गुपचूप येऊन दुसऱ्यांदा वाढून घेत असावा, असं तिला वाटे, आणि पालकाला का होईना, कुणी दुसऱ्यांदा वाढून घेतलं की बाईला बरंच वाटतं.

इथवर सगळं ठीक होतं. पण त्या वर्षी रॉयसच्या विरोधात त्याच्याच पक्षातला माणूस उभा राहिला.

त्या डोंगरात दुसरा पक्ष नावालाच आहे. त्याचा उमेदवार घरी गेल्यावर बायकोला विचारतो, "तू तरी मला दिलंस ना?" त्यामुळे नोव्हेंबरची मोठी निवडणूक म्हणजे नुसतं आंचवणं, खरं जेवण मे महिन्यात, पक्षातल्या पक्षात. आणि तिथे आजवर रॉयसच्या पानात कुणी हात घातला नव्हता. यंदा क्ले बॉस्टिकने घातला. क्ले शाळेच्या बास्केटबॉल संघाचा कोच. चौतीस वर्षांचा, घोड्यासारखा धडधाकट, मोठ्या आवाजाचा. दोघांची मतं तंतोतंत सारखी होती. रस्ते हवेत, खाणी हव्यात, शिकारीचा हंगाम वाढवा. भांडायला काही उरलंच नव्हतं, म्हणून भांडण फार जोरात चाललं होतं.

"रॉयस हेड्रिक आता राजधानीचा झाला!" क्ले प्रत्येक सभेत सांगायचा. "त्याच्या बुटांना चिखल लागून किती वर्षं झाली, विचारा! मी तुमचा आहे. माझ्या अंगाला या डोंगराचा वास आहे!"

डेल्फियाने हे रेडिओवर ऐकलं आणि वासाचा उल्लेख ऐकून तिच्या हातातला कांदा खाली पडला. रॉयसचं गुपित फुटलं तर रॉयसची खुर्ची जाणार होती. पण तिला खरी काळजी होती पळीची. अख्ख्या गावाला वीस वर्षं फसवलेल्या बाईच्या हातात पळी कोण ठेवेल? आणि पळीवर मार्लीनचा डोळा होता. मार्लीन म्हणजे बंबप्रमुखाची बायको. तिला रानलसूण वाटून त्याची चटणी इटालियन शेवयांना लावायची होती, कुठल्याशा मासिकात पाहिलं होतं म्हणे. ती आताशा मुदपाकखान्यात स्वतःचा एप्रन घेऊनच यायची.

त्यातून रॉयसवर डेल्फियाचा रागही होता. काही वर्षांपूर्वीच्या मोठ्या पुरात शुगर कॅम्प ओढ्यावरचा पूल वाहून गेला, तो गेलाच. ओढ्यापलीकडे तिची थोरली बहीण आयनेझ राहायची. पूल होता तेव्हा डेल्फिया चहाचं आधण ठेवून तिच्याकडे जाऊन साखर आणायची. आता डोंगराला वळसा घालून जायचं तर अर्धी सकाळ जाई. मग दोघी बहिणी आपापल्या काठावर उभ्या राहून ओरडून बोलत. घरातलं सगळं, दुखणीखुपणी, सुनांच्या तक्रारी, सगळं ओरडून. खोऱ्यातल्या लोकांना माहीत नाही अशी कोगरांच्या घरची एकही गोष्ट उरली नव्हती. दर वर्षी पालक खाऊन रॉयस दातात काडी घालत म्हणायचा, "डेल्फी, यंदा पूल नक्की." काड्या बदलल्या, पूल आला नाही.

जेवणाचा दिवस उजाडला. हॉल खच्चून भरला. मक्याचा पाव, घेवड्याची उसळ, तळलेले बटाटे, हॅम, आणि लसूण. रॉयस नेहमीच्या जागी बसला. त्याच्या शेजारी, नेहमीप्रमाणेच, ऑर्व्हिलकाका. नव्वदीचा माणूस, खाणीतून निवृत्त. हॉलमध्ये बसून सगळ्यांच्या टवाळ्या, मग जेवणं आटोपली की कॉफी घ्यायला मुदपाकखान्यात एक चक्कर, हा त्यांचा शिरस्ता. डेल्फियाने पहिलं ताट रॉयसला नेऊन दिलं. त्याने पहिला घास घेतला, डोळे मिटले, "अहाहा!" केलं. टाळ्या. इतकी वर्षं करून करून तो ते छान करायचा.

जेवणं निम्म्यावर आली असताना क्ले आला. दिवसभर तीन गावांत भाषणं करून, उपाशी. दारात पाऊल टाकलं आणि लसणीचा लोट अंगावर आला तसा तो जागीच थबकला. मग श्वास रोखून टेबलामागून टेबल हात मिळवत निघाला. शेवटी रॉयसपाशी आला. वर्तमानपत्रवाली पोरगी म्हणाली, "दोघं जरा जवळ या ना, फोटोसाठी." दोघांनी एकमेकांच्या खांद्यावर हात टाकले. भाऊबंदकीत टाकतात तसे.

क्लेचं नाक रॉयसच्या गालाजवळ आलं. त्याने एकदा हुंगलं. भुवया वर गेल्या. पुन्हा हुंगलं.

"अरे!" क्ले ओरडला. कोचचा आवाज, अख्ख्या मैदानाला ऐकू जाणारा. "याच्या तोंडाला वासच नाही! सिनेटरसाहेबांनी लसूण खाल्लेलीच नाही!"

हॉलमधले काटेचमचे थांबले. मुदपाकखान्याच्या दारात डेल्फियाची पळी हवेत थांबली, आणि तिच्यातून रस्सा तिच्याच बुटावर ठिबकला. मार्लीनने हळूच मान वळवून तिच्याकडे पाहिलं. रॉयस हसत होता, पण फक्त ओठांनी.

"पोरा," ऑर्व्हिलकाका म्हणाले, "तुला कसं कळलं?"

"कसं म्हणजे? वास घेतला ना, काका!"

"मी तासभर त्याला चिकटून बसलोय. मला नाही कळलं. पाद्रीबुवा समोर बसलेत, त्यांना नाही कळलं."

"तुम्हाला कसं कळेल? तुम्ही सगळ्यांनी खाल्लीय. खाल्लेल्याला कुठे वास..."

आणि क्लेला स्वतःचं बोलणं ऐकू आलं.

"हां," ऑर्व्हिलकाका शांतपणे म्हणाले. "म्हणजे डोंगराचा वास अंगाला आहे म्हणतोस, आणि तूही खाल्लेली नाहीस."

असा हशा उसळला की भिंतीवरचं घड्याळ हललं. क्ले सांगत होता, आत्ताच आलोय, बसणारच होतो, देवाशपथ. कोण ऐकतंय! चोराला चोराने पकडलेलं, आणि बघणारे पोटभर जेवलेले. कुणीतरी चमच्याने टेबल वाजवायला सुरुवात केली. "दोघांना वाढा! दोघांना वाढा! डेल्फीमावशी, दोघांना वाढा!"

डेल्फिया आत वळली. मागोमाग मार्लीन.

"मी वाढू का, मावशी? तुमच्या बुटावर रस्सा सांडलाय."

"हा हात बर्फातल्या वळणावर चुकला नाही, मार्लीन."

"आणि हे मागच्या शेगडीवर काय आहे?"

"माझं पथ्याचं. जा, पाव कापून ठेव."

मार्लीन गेली, पण मान मागेच ठेवून गेली. डेल्फिया दोन पातेल्यांसमोर उभी राहिली. आता डोकं थंड ठेवायला हवं होतं. हॉलमध्ये चालू नाक एकच होतं, क्लेचं. क्लेने दोन घास खाल्ले की तेही बंद. म्हणजे रॉयसच्या ताटात पालक वाढला तरी यापुढे कुणाच्या बापाला कळणार नव्हतं. रॉयस वाचला, पळी वाचली. तिने मागच्या पातेल्याच्या झाकणावर हात ठेवला.

तेवढ्यात तिला आयनेझचा आवाज आठवला. बसका. परवाच ओढ्यापलीकडून ती काहीतरी सांगत होती आणि आवाज निम्म्या पाण्यातच बुडत होता. "काय म्हणतेस?" डेल्फिया ओरडली होती. पलीकडून नुसता हात हलला होता, राहू दे, असा.

तिने झाकण तसंच ठेवलं. पळी मोठ्या पातेल्यात बुडवली. एकदा, आणि पुन्हा एकदा.

दोन्ही ताटं तिने स्वतः नेली. रॉयसला ताट टेबलावर टेकायच्या आधीच कळलं. चेहऱ्याचं मेण व्हायला लागलं.

"डेल्फी," तो ओठ न हलवता पुटपुटला, "मागचं पातेलं?"

"पुलाबरोबर वाहून गेलं," डेल्फिया म्हणाली. "खा."

रॉयसने तिच्याकडे पाहिलं. मग सगळ्या हॉलकडे पाहिलं. राजकारणातला माणूस, कुठे पळता येत नाही हे त्याला इतरांपेक्षा लवकर कळतं. त्याने चमचा भरला आणि तोंडात घातला. डोळ्यांतून पाणी आलं. लोकांना वाटलं, भरून आलं. दोन-तीन बायकांनीही डोळे पुसले.

क्लेने तिसऱ्या घासानंतर टेबलाची कड धरली. त्याचा रंग हळूहळू फिकट हिरवा होत चालला. डेल्फियाला तो रंग ओळखीचा होता. जुन्या गिरणीच्या वळणावर, बसमध्ये डाव्या बाजूला तिसऱ्या बाकावर, रोज तोच रंग व्हायचा. काही न बोलता तिने फरशी पुसायची बादली पायाने सरकवत त्याच्या खुर्चीशेजारी आणली.

"नाकाने श्वास घे, बाळ," ती खाली वाकून म्हणाली. "आणि लांबच्या झाडाकडे बघ."

"झाड कुठंय मावशी इथे?"

"मग ऑर्व्हिलकाकांकडे बघ. तेही तेवढेच जुने आहेत."

बादली कोरडी राहिली. दोघांनी ताटं संपवली. लोकांनी उभं राहून टाळ्या वाजवल्या, कुणासाठी ते कुणालाच ठरवता आलं नाही.

दुसऱ्या दिवशी जिल्ह्याच्या गावी रेडिओवर दोघांचा वादविवाद होता. ते गाव खाली सपाटीवर. तिथले लोक लसूण खात नाहीत. रेडिओच्या माणसाने दोघांना त्या काचबंद खोलीत बसवलं, स्वागताचं एक वाक्य बोलला, आणि दुसरं वाक्य बोलायच्या आत दोघांना लांब वायरीच्या माइकसकट बाहेर गाड्या लावायच्या जागेत नेऊन बसवलं. तिथे एकच बाक होता. एकाच पक्षाचे आणि एकाच वासाचे दोन उमेदवार त्यावर बसले. सबंध गावात त्या घडीला त्या दोघांना सहन करू शकणारी माणसं दोनच होती, तीही तीच.

डेल्फिया खिडकी उघडी टाकून ऐकत होती. जाहिरात लागायला हवी होती तिथे माइक चुकून चालूच राहिला.

"साहेब, पोट कसंय?" क्लेचा आवाज.

"जळतंय. तुझं?"

"जळतंय. बायकोने ओसरीवर झोपवलं."

"माझ्या ड्रायव्हरने गाडीत घेतलं नाही. ट्रकच्या मागच्या हौद्यात बसून आलो."

"मग जाताना माझ्या गाडीतून चला."

मग क्ले म्हणाला, "साहेब, एक विचारू? त्या डेल्फीमावशीचा पूल का नाही बांधलात हो?"

रॉयस म्हणाला, "दर वर्षी वाटायचं, बांधू. ती बाई जेवायला वाढतेच आहे. जी वाढतेच आहे तिचं काम मागे राहतं बघ." आणि मग, जरा मोठ्याने, "बांधतो. या वर्षी बांधतो. निवडून आलो तरी आणि नाही आलो तरी."

"निवडून नाही आलात तर मी बांधीन," क्ले म्हणाला. "पण दगड तुम्ही वाहायचे."

ओढ्यापलीकडून हाक आली, "डेल्फी! काय म्हणाला गं तो?"

"पूल बांधतो म्हणाला!"

"कोण?"

"दोघंही!"

मे महिन्यात रॉयस जेमतेम निवडून आला. डेल्फियाने मत कुणाला दिलं ते कुणालाच कळलं नाही. आयनेझने विचारलं होतं, पण ओढ्यापलीकडून. त्याचं उत्तर ओरडून देणं म्हणजे अख्ख्या खोऱ्याला सांगणं, म्हणून डेल्फियाने "चूल पेटलीय" असं म्हणून विषय संपवला. पळी मात्र तिच्याच हातात राहिली. मार्लीनला बटाट्याचं खातं देण्यात आलं.

उन्हाळ्यात ओढ्याच्या दोन्ही काठांवर मोजणीवाल्यांनी नारिंगी झेंडे रोवले. पाठोपाठ खांबांचं काँक्रीटही पडलं. तेव्हा एका सकाळी रॉयस मागच्या दाराने डेल्फियाच्या घरी आला. टोपी हातात.

"मुद्दाम वाढलंस ना मला?"

"मुद्दाम."

"बरं केलंस," रॉयस खुर्चीवर बसत म्हणाला. मग जरा घुटमळला. "खरं सांगू, डेल्फी? इतकं काही वाईट नव्हतं. मीठ तेवढं कमी होतं."

डेल्फियाने हातातलं फडकं त्याला फेकून मारलं. "वीस वर्षं! वीस वर्षं तुझ्यासाठी वेगळं शिजवलं मी! आणि तू मेल्या, दर वर्षी पुन्हा येऊन पातेलं पुसून खात होतास!"

"मी?" रॉयस म्हणाला. "दुसऱ्यांदा? मी एकदाच खायचो गं. तेही कसंबसं. मला पालक कुठे आवडतो?"

डेल्फिया खाली बसली. तिला त्या रात्रीचं आठवलं. सगळे गेल्यावर तिने मागच्या पातेल्याचं झाकण उघडलं होतं. पातेलं लख्ख होतं. आणि त्या रात्री तर रॉयस सगळ्या गावासमोर बसून खरी लसूण खात होता.

म्हणजे टॅनर्स रनमध्ये लसूण न खाणारा आणखी एक माणूस होता. वीस वर्षं. कोण? मार्लीन असती तर तिने पातेलं वाजवत गावभर मिरवलं असतं. पाद्रीबुवा? बंबप्रमुख? हुंगून काढावं म्हटलं, तर ते जेवण शिजवणारी बाई ते खाल्ल्याशिवाय राहायची नाही, आणि खाल्लं की तिचंही नाक बंद. ते कळायला डेल्फियाला जन्मात पहिल्यांदा लसूण सोडावी लागली असती, आणि एवढी मोठी किंमत द्यावी इतकं काही ते गुपित मोठं नव्हतं. निदान दिवसा तिला तसं वाटायचं.

रॉयस गेल्यावर ती ओढ्यापाशी जाऊन उभी राहिली. नवे खांब पाण्यात उभे होते, वर अजून काहीच नव्हतं. पलीकडे आयनेझ कपडे वाळत घालत होती. दोन्ही बाजूंच्या घरांच्या खिडक्या उघड्या होत्या. वरच्या घराच्या ओसरीवर ऑर्व्हिलकाका झुलत्या खुर्चीत कॉफी पीत बसले होते.

डेल्फियाने दोन्ही हात तोंडाभोवती धरले.

"आयनेझ! लसूणजेवणाच्या दिवशी ते माझं मागचं पातेलं दर वर्षी कोण पुसून खातं गं?"

वरच्या ओसरीवरची झुलती खुर्ची झुलायची थांबली.